भांडार सापडत नाही

माझ्या नाकावर राग असतो हे आमच्या घरात कुणाला सांगावं लागत नाही. आमचे हे म्हणायचे, "नाकावर नाही गं, तुझ्या बोटांत असतो. भिंतीपलीकडून टायपिंग ऐकलं तरी कळतं, आज बाईसाहेब कुणावर तरी तापल्यात." मी टायपिस्ट. लोकांचे प्रबंध, अहवाल, निवृत्त माणसांच्या आठवणी, जे येईल ते घरी बसून टाइप करून देते. तर याच बोटांनी मी परवा स्वतःच्या पायावर धोंडा पाडून घेतला.

झालं असं. कॉम्प्युटर, म्हणजे माझं मशीन, सुरू केलं की कोपऱ्यात एक चौकट उघडायची: 'काही अडचण? आम्हाला फोन करा.' खाली आमच्या दिरांचा नंबर. त्यांचा लेबलं छापायचा प्रोग्रॅम आमच्या मशीनवर होता, त्याची ही आठवण. हे गेले त्या दिवशी भाऊजी आले, फाटकाशी उभे राहिले, आणि घरात पाऊल न टाकता परत गेले. त्यानंतर वर्ष झालं, ना फोन, ना विचारपूस. आणि चौकटीतून मात्र रोज सकाळी मला विचारणार, काही अडचण? परवा माझं डोकंच फिरलं. अडचण? आहे ना, तुम्हीच! म्हटलं, काढूनच टाकते ही ब्याद. काढता काढता मशीननं विचारलं, 'ही सामाईक फाइल आता दुसरा कोणताही प्रोग्रॅम वापरत नसावा. तीही काढायची का?' रागात माणूस वाचतो थोडंच! हो. हो. सगळ्याला हो.

मोठं काम केल्यासारखा चहा घेतला आणि टायपिंगला बसले. माझा एडिटर, म्हणजे मी ज्यात टाइप करते तो प्रोग्रॅम, उघडायला गेले तर तो उघडेचना. नुसती एक ओळ आली: 'भांडार सापडत नाही.'

मशीन बंद करून पुन्हा सुरू केलं. पुन्हा तीच ओळ.

आता हे भांडार म्हणजे काय, ते सांगायला हवं. माझा एडिटर यांनी लिहिला होता, खास माझ्यासाठी. त्याच काळात धाकटा भाऊ लेबलांचा प्रोग्रॅम लिहीत होता, शेजारच्या टेबलावर. दोघांनाही बरंचसं तेच लागत होतं: अक्षरं काढणं, शब्द शोधणं, फाइल जपून ठेवणं, चुकलं तर आवाज करणं. मग ते दोनदा कशाला लिहायचं? यांनी ते सगळं एका वेगळ्या फाइलीत घातलं, तिचं नाव ठेवलं भांडार, आणि मशीनवर सामाईक जागी ठेवून दिलं. मला म्हणाले, "दोन घरांत मिळून एक शिडी असते ना, तसं. ज्याला लागेल त्यानं घ्यावी." मी म्हटलं, शिडी मोडली तर दोन्ही घरं माळ्यावर अडकतील त्याचं काय? तर हसून म्हणाले, "मोडली तर एकदाच दुरुस्त करायची. दोघांचं काम होतं."

पण मला शिडीचं दुःख नव्हतं. टाइप करायला छप्पन्न एडिटर मिळतात. माझं सगळं काही त्या भांडारातल्या आवाजात होतं.

यांना कुणाची चूक तोंडानं सांगता यायची नाही. मागे येऊन उभं राहायचं आणि खाकरायचं. एकदाच. बारीक, शेवटाला जरा वर गेलेलं, 'बघ बुवा' म्हटल्यासारखं. भाजीवाल्याच्या हिशोबात चूक असली तरी खाकरायचे, मुलीनं उशीर केला तरी खाकरायचे. भाऊजी एक नंबरचे वात्रट. त्यांनी एकदा टेबलाखाली माइक लपवून ते खाकरणं पकडलं आणि भांडारात घातलं. म्हणजे एडिटरमध्ये काही चुकलं की 'टिंग' व्हायच्या ऐवजी हे खाकरायचे! पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी दचकून मागे वळले. मागे कुणी नाही. पलीकडच्या खोलीत दोघे भाऊ पोट धरून हसत होते.

फोटो घरात चिक्कार आहेत. आवाज मात्र एवढाच. फोनवर निरोप ठेवणं त्यांना जमलं नाही कधी, रेकॉर्डिंग म्हटलं की उठून जायचे. सगळ्या आयुष्याचा आवाज म्हणून माझ्याकडे राहिलं ते एक खाकरणं, आणि मी सगळ्याला हो म्हणून मोकळी झाले.

आणखी एक सांगते, हसू नका. माझं टायपिंग चोख आहे, चुका होतच नाहीत फारशा. मग हे खाकरायचे कधी? तर मी एक युक्ती काढली होती. शोधलेला शब्द सापडला नाही की एडिटर खाकरायचा. मग समोर कुणाचाही प्रबंध असो, खतांवरचा असो की पुलांवरचा, मी शोधायच्या चौकटीत यांचं नाव घालायची. पुलांच्या प्रबंधात ते कुठून असणार? नाही सापडलं की हे मागून खाकरायचे. मी म्हणायची, आहात होय, बरं. आणि पुढच्या पानाला लागायची.

मुलगी दोन गल्ल्या पलीकडे राहते. धावत आली. कचऱ्याची टोपली बघितली, तिथे भांडार नाही, अशा काढलेल्या फाइली टोपलीत जातच नाहीत म्हणे. बॅकअप बघितला. तो होता, मीच दर महिन्याला घ्यायची, पण एडिटरच्या फोल्डरचा. भांडार त्या फोल्डरमध्ये कधी नव्हतंच. ते सामाईक जागी.

"म्हणजे मी इतकी वर्षं दाराचा बॅकअप घेत होते आणि घर बाहेर ठेवून?" मी म्हटलं.

"तसंच काहीसं," ती म्हणाली. मग म्हणाली, "आई, नेटवर अशा हरवलेल्या फाइली देणाऱ्या साइटी असतात, पण तिथून काही घ्यायचं नाही हं. वर नाव आपलं, आत भलतंच निघतं. आणि बाबांची फाइल तिथे असणारही नाही. तू दुसरा एडिटर घे ना. फुकट मिळतात, छान छान."

"फुकट मिळतं ते सगळं घ्यायचं का?" मी खेकसले. बिचारी पुन्हा फाइली धुंडाळू लागली. तिला खाकरणं माहीत होतं, शोधायची युक्ती माहीत नव्हती. ती कशी सांगायची मुलीला?

तिनं मग माझ्या नकळत काकाला फोन केला. काकानं त्याच्याकडचं भांडार मेलनं पाठवलं. तिनं ते जागेवर ठेवलं, मला हाक मारली. मी हात पुसत आले. एडिटर उघडला असं वाटलं, तोच नवी ओळ: 'भांडारात शोध सापडत नाही.' आगीतून फुफाट्यात! आधी भांडार नव्हतं, आता भांडार होतं तर त्यात माझ्या एडिटरला हवं ते नव्हतं.

"कुठून आणलंस हे?" मी विचारलं. तिनं सांगितलं. मी पायात चपला अडकवल्या आणि निघाले. म्हटलं, उंटावरून शेळ्या हाकतात काय! तोंडावर विचारते.

भाऊजींचं दुकान मी प्रथमच बघत होते. भिंतीभर लेबलांची रिळं, तापलेल्या कागदाचा वास, आणि मधोमध हे, चष्मा कपाळावर, प्रिंटर उघडून बसलेले. मला बघून उभेच राहिले. केस पांढरे झाले होते. खाली बघून बोलायची तऱ्हा मात्र थेट यांच्यासारखी, आणि मी दारात ठरवून आणलेली सगळी वाक्यं विसरले.

"बसा ना वहिनी."

"बसायला आले नाही. जुनं भांडार द्या. हे जे पाठवलंत ते लागत नाही."

"नाही लागणार," ते म्हणाले. "मी ते नव्यानं लिहिलं. माझ्या प्रोग्रॅमला लागतं तेवढंच ठेवलं. तुमच्या एडिटरचा शोध त्यात नाही. नाव तेवढं तेच आहे."

"मग जुनं द्या."

"माझ्याकडे नाही."

"आणि ते… आवाज? तुम्ही पकडला होता तो?"

त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. "मूळ रेकॉर्डिंग ज्या डिस्कवर होतं ती केव्हाच बंद पडली. भांडारातला मी काढून टाकला, वहिनी. दादा गेल्यावर. दिवसभर चाचण्या करायच्या, दर चुकीला तो मागे येऊन उभा राहायचा. मला काम सुचेना. साधी टिंग टाकली आणि सगळ्या गिऱ्हाइकांकडे जाऊन नवीन बसवून आलो."

मला इतका संताप आला की डोळ्यांत पाणीच आलं. "तुम्हाला नको झाला म्हणून सगळीकडून पुसून आलात? मला विचारायचं होतंत!"

"तुमच्याकडे आहे, असं मी धरून चाललो होतो," ते म्हणाले. "तुमचं कसं गेलं?"

आता आली का पंचाईत! सांगावं लागलं. त्यांचा प्रोग्रॅम रागानं काढला, त्याबरोबर गेलं. मला वाटलं ते हसतील, निदान टोमणा मारतील. नुसते मान हलवत राहिले.

"दादानं तुमचा एडिटर कधी रीतसर बसवलाच नसणार," ते म्हणाले. "घरच्या माणसाला कसला इन्स्टॉलर, म्हणाला असेल. नुसती फाइल आणून ठेवली. माझा प्रोग्रॅम रीतसर बसलेला. म्हणजे मशीनच्या लेखी भांडार वापरणारा मी एकटाच. मी गेलो की ते काढायला मोकळं." मग जरा थांबून, "पण माझा प्रोग्रॅम तुमच्या मशीनवर कसा काय? आमचं भांडण होऊन किती वर्षं झाली."

भांडण याच भांडारावरून झालं होतं. यांनी एकदा माझ्यासाठी त्यात काही सुधारलं आणि तिकडे गिऱ्हाइकांची सगळी लेबलं उलटी छापली गेली. भाऊजी लोकांच्या शिव्या खाऊन आले. म्हणाले, प्रत्येक प्रोग्रॅमची फाइल वेगळी हवी, प्रत्येकाची आपापली. हे म्हणाले, भांडार एकच राहील. शब्दानं शब्द वाढला. धाकट्यानं आपलं टेबल उचललं आणि गेला.

"त्यांनी ठेवला होता," मी म्हटलं. "तुमचं भांडण झालं त्यानंतरही भांडारात काही बदललं की ते आधी तुमचा प्रोग्रॅम उघडायचे. एक लेबल छापून बघायचे. सरळ आलं की मगच माझा एडिटर मला द्यायचे. आमच्या कपाटाच्या दाराला आतून बघा येऊन, सगळी 'चाचणी, चाचणी' लिहिलेली लेबलं चिकटवलीत. मी ओरडायची, दार खराब होतं म्हणून."

भाऊजींनी प्रिंटरचं झाकण लावलं, पुन्हा उघडलं, पुन्हा लावलं.

"मी तर माझी फाइल वेगळी करून घेतली होती," ते म्हणाले. "त्यानं काही बदललं तरी माझ्याकडे काही मोडणार नव्हतं. त्याला ठाऊक होतं ते."

"होतंच ठाऊक," मी म्हटलं. "तरी बघायचे."

ते प्रिंटरसमोरच्या खुर्चीत बसले. मग ते एकदम उठले. "रंगवाला!"

"कोण रंगवाला?"

"रंगाचं दुकान आहे एक. डबे ढवळून देतात, त्यावर नंबराचं लेबल लागतं. नवीन भांडार बसवायला गेलो तर मला हाकलून दिलं. म्हणे चालतंय ना, मग हात लावायचा नाही. म्हणजे दादाचं जुनं भांडार, शोधासकट, अजून तिथे असणार. चला."

रंगाच्या दुकानात शिरलो तर डबा हलवायचं यंत्र खडखडत होतं, कुणाचं बोलणं कुणाला ऐकू येईना. मालक जाडजूड, हातांना निळा रंग. भाऊजींना बघताच त्यांनी दोन्ही हात आडवे केले. "नाही, नाही. तुम्ही पुन्हा आलात? मशीनला बोट लावायचं नाही. जुनं आहे, सुखात आहे."

"बदलायचं नाही," भाऊजी ओरडून म्हणाले, "एक फाइल फक्त बघायचीय."

"आज बघायचीय म्हणाल, उद्या काढायचीय म्हणाल."

तेवढ्यात यंत्र थांबलं. काउंटरवरच्या बाई गिऱ्हाइकाला विचारून रंगाचा नंबर मशीनमध्ये टाकत होत्या. आणि तिथून, डब्यांच्या आणि ब्रशांच्या मधून, हे खाकरले.

बारीक. शेवटाला जरा वर गेलेलं.

काउंटरच्या बाई मान वर न करता म्हणाल्या, "आजोबा नाही म्हणतायत. असा नंबरच नाहीये. पुन्हा सांगा बरं."

मी काउंटरला धरून उभी राहिले. काय वाटलं ते सांगते. आधी आनंद झाला, आणि लगेच असा मत्सर वाटला म्हणून सांगू! वर्षभर मी लोकांच्या प्रबंधांत त्यांना शोधत बसले होते आणि हे इथे रंगाच्या दुकानात परक्या बाईला चुकलेले नंबर सांगत होते. आणि आजोबा? खाकरले तेव्हा केस काळेभोर होते त्यांचे!

"आजोबा नाहीत ते," मी म्हटलं. "माझे मिस्टर आहेत."

बाईंचा हात कळांवरच राहिला. मालक माझ्याकडे बघू लागले, मग भाऊजींकडे. भाऊजींनी पाठ फिरवली होती, भिंतीवरचे रंगांचे नमुने वाचत होते.

"खरं माणूस आहे होय?" बाई म्हणाल्या. "आम्ही रोज त्यांना उत्तर देतो हो. मी म्हणते, चुकलं आजोबा, थांबा. आमच्या मालकांचा पुतण्या तर त्यांना नमस्कार करून मशीन बंद करतो. कुठे असतात ते?"

"गेले," मी म्हटलं. "घरचं माझ्या हातून पुसलं गेलं. म्हणून आलेय."

मालकांनी निळे हात फडक्याला पुसले, बराच वेळ पुसले. मग काउंटरचं फळकूट उचलून भाऊजींना आत घेतलं. "नुसती प्रत घ्यायची," ते म्हणाले. "आमचे आजोबा आहेत तिथेच राहू द्यायचे."

निघताना काउंटरच्या बाईंनी मला विचारलं, एकदा ऐकायचंय का आणखी. मी मानेनंच नको म्हटलं. तिथे सगळ्यांसमोर नको होतं.

भाऊजी घरी आले. याही खेपेला फाटकाशी थांबले, पण मी मागून म्हटलं, "चला आत, चपला काढायला जागा आहे." यांच्या खोलीत गेल्यावर आधी त्यांनी कपाट उघडलं. दाराच्या आतली लेबलं बघितली. एकावर एक, कडा पिवळ्या पडलेली, काही सुटत आलेली, सगळी सरळ छापलेली. वरून खाली एकेकावर बोट फिरवत गेले. मी चहा ठेवायच्या निमित्तानं स्वयंपाकघरात गेले. माणसाला रडताना बघू नये.

परत आले तर खुर्चीवर बसले होते. फाइल कुठे ठेवू, म्हणाले. "माझं ऐकलं तर एडिटरच्या फोल्डरमध्ये ठेवावी. तुमची तुमच्यापाशी. उद्या कुणी काही काढलं तरी जाणार नाही."

"मग ठेवा."

त्यांनी ठेवली. मग थोडा वेळ पडद्याकडे बघत बसले. "एक प्रत सामाईक जागीही ठेवतो," म्हणाले. "दादाची जागा आहे ती. आणि माझा प्रोग्रॅम परत टाकतो. चालेल?"

"ती चौकट नको हं. काही अडचण म्हणून विचारते ती."

"ती काढतो," ते म्हणाले. "विचारायचं असेल तर मीच येईन."

मग एडिटर उघडला. तोच तो, फिकट हिरवा, मोठ्या अक्षरांचा, माझ्या डोळ्यांच्या मापाचा. कोरं पान. भाऊजी उठायला लागले, "बसा वहिनी, बघा चालतंय का." मी म्हटलं, "तुम्हीच बघा. काहीतरी शोधा. नसलेलं."

"काय शोधू?"

मी शेजारी स्टूल ओढून बसले. त्यांनी शोधायची चौकट उघडली. दोन बोटांनी टाइप करतात, एकेक कळ शोधून. चौकटीत अक्षरं उमटली: दादा. आणि त्यांनी कळ दाबली.

पडद्यावर आलं, 'सापडत नाही.' आणि हे आमच्या मागे उभं राहून खाकरले.

भाऊजींनी मागे वळून बघितलं. मीही बघितलं. माहीत असून बघितलं. दारात कुणी नव्हतं, ओट्यावर चहा उतू जात होता, आणि दोघांपैकी एकालाही उठवत नव्हतं.

"चालतंय," ते म्हणाले. "झालं, वहिनी. उठू?"

"बसा," मी म्हटलं. "आणखी एकदा शोधा."